मंडी हाउसचा गाणारा नट

हिंदी चित्रपट पाहणारा प्रेक्षक पीयूष मिश्रा यांना चरित्र अभिनेता म्हणून ओळखतो. 'पिंक'मधला खोचक सरकारी वकील, 'रॉकस्टार'मधला संगीत कंपनीचा मालक ढिंग्रा, 'गँग्ज ऑफ वासेपूर'मधला घराण्याची सगळी गुपितं पोटात ठेवणारा नासिर. पडद्यावर वाट्याला येणारा वेळ मोजका, पण चित्रपट संपल्यावरही माणूस लक्षात राहतो. 'गुलाल'मध्ये याच माणसाने गाणी लिहिली, त्यांना चाली लावल्या, त्यातली काही स्वतः गायली आणि वर एक महत्त्वाची भूमिकाही केली. अभिनय, लेखन, संगीत आणि गायन ही चारही कामं एका नावावर असणारी उदाहरणं आजच्या हिंदी चित्रपटसृष्टीत फार नाहीत.

मराठी वाचकाला हा प्रकार नवा नाही. संगीत नाटकातले मास्तर कृष्णराव उत्तम नट होते आणि उत्तम संगीतकारही. पु. ल. देशपांडे यांच्या 1953 सालच्या 'गुळाचा गणपती'ची जाहिरातच 'सबकुछ पु. ल.' अशा शब्दांत मराठी माणसाच्या लक्षात राहिली आहे. चार्ली चॅप्लिन यांनी स्वतःच्या चित्रपटांना संगीत दिलं आणि 'लाइमलाइट'च्या संगीतासाठी त्यांना ऑस्करही मिळालं. पण चॅप्लिन किंवा पु. ल. हे आपापल्या चित्रपटांचे दिग्दर्शक होते, नायक होते. दुय्यम भूमिका करणारा नट संगीतकारही असतो तेव्हा गोष्ट वेगळी असते. त्याचं संगीत त्याच्या नटपणातूनच येतं, आणि तो नट कुठे घडला हे पाहिल्याशिवाय ते कळत नाही. मिश्रा घडले दिल्लीत, मंडी हाउसच्या चौकात.

ग्वाल्हेरहून बहावलपूर हाउसकडे

मिश्रा यांचा जन्म 13 जानेवारी 1963 रोजी ग्वाल्हेरचा. मूळ नाव प्रियाकांत शर्मा. वाढले ते आत्याच्या घरी, आणि शाळेत असतानाच त्यांनी स्वतःचं नाव बदलून घेतलं. ग्वाल्हेर म्हणजे शिंद्यांचं शहर, ख्याल गायकीच्या आद्य घराण्याचं गाव. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांनी तिथली विद्या महाराष्ट्रात आणली आणि पुढे निम्म्या महाराष्ट्राने ती गळ्यात घेतली. अशा गावातून आलेल्या संगीतकाराच्या चालींत रागदारीचा वास शोधावासा वाटतो. मिश्रा यांच्या बाबतीत हाती फारसं काही लागत नाही. त्यांच्या कानावर संस्कार झाले ते नाटकाचे. ग्वाल्हेरात कलामंदिर आणि रंगश्री लिटल बॅले ट्रूप या संस्थांभोवती त्यांचं सुरुवातीचं नाटक झालं. अभिनयाची तहान लागली म्हणून आपण दिल्लीला गेलो असं तेही सांगत नाहीत. ग्वाल्हेरमधून बाहेर पडायचं होतं, एवढंच त्यांचं म्हणणं.

बाहेर पडण्याची वाट राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून गेली. संगीत नाटक अकादमीने 1959 साली स्थापन केलेली ही संस्था भगवानदास रस्त्यावरच्या बहावलपूर हाउसमध्ये आहे. तीन वर्षांचा अभ्यासक्रम. इब्राहिम अल्काझी यांनी 1962 ते 1977 या काळात संस्थेला शिस्त लावली, आणि त्यांच्यानंतर आलेल्या ब. व. कारंत यांनी तिथल्या नाटकाचा कान बदलला. कारंतांच्या लेखी नाटकातलं संगीत म्हणजे प्रवेशांच्या फटीत घातलेलं गाणं नव्हतं. नटाची चाल, वस्तूंचे आवाज, समूहाचा हुंकार हे सगळं त्यांच्या दृष्टीने संगीतच होतं. कुमाऊंच्या लोकसंगीतात मुरलेले मोहन उप्रेतीही याच विद्यालयात शिकवत. मिश्रा तिथून 1986 साली बाहेर पडले, तेव्हा संगीत ही नटाच्या शिक्षणातलीच एक गोष्ट असल्याचं तिथे सगळ्यांनी गृहीत धरलेलं होतं.

विद्यार्थिदशेतच दोन गोष्टी घडल्या. 'मशरिकी हूर' या पारशी रंगभूमीच्या धाटणीच्या नाटकाला मिश्रा यांनी संगीत दिलं. नाटकासाठी चाली बांधण्याचं त्यांचं ते पहिलं काम. आणि फ्रिट्झ बेनेविट्झ यांनी त्यांना हॅम्लेट दिला. पूर्व जर्मनीतल्या वायमारच्या रंगभूमीवरचे हे दिग्दर्शक मराठी नाट्यवर्तुळाला चांगलेच परिचित होते. विजया मेहता यांच्याबरोबर त्यांनी ब्रेख्तच्या नाटकाचं 'अजब न्याय वर्तुळाचा' हे मराठी रूप उभं केलं होतं, आणि दिल्लीत 'थ्रीपेनी ऑपेरा'ही बसवला होता. त्याच 'थ्रीपेनी'वरून पु. लं.नी 'तीन पैशाचा तमाशा' लिहिला. ब्रेख्तच्या नाटकात गाणं सुरू झालं की गोष्ट थांबते, नट भूमिकेतून अर्धा बाहेर येतो आणि प्रेक्षकाकडे बघून दोन खडे बोल सुनावतो. मिश्रा यांची नंतरची बहुतेक गाणी हेच करतात.

याच सुमाराची एक हकिकत त्यांनी मुलाखतींत अनेकदा सांगितली आहे. राजश्रीचे निर्माते नव्या नायकाच्या शोधात विद्यालयात आले होते, मिश्रा यांना मुंबईला बोलावणं होतं आणि ते गेलेच नाहीत. चित्रपट होता 'मैंने प्यार किया'. तो 1989 साली आला आणि सलमान खान घराघरात पोचला. मिश्रा दिल्लीत नाटक करत राहिले.

चौकाचा हिशेब

मंडी हाउस नावाचं घर आज नाही. मंडी संस्थानच्या राजाच्या कोठीच्या जागी दूरदर्शनचं मुख्यालय आहे. नाव तेवढं चौकाला आणि मेट्रोच्या स्थानकाला उरलं. चौकातून फुटणाऱ्या रस्त्यांवर हाकेच्या अंतरात कमानी, श्रीराम सेंटर, एलटीजी ही नाट्यगृहं, तानसेन मार्गावर त्रिवेणी कला संगम, फिरोजशहा रस्त्यावर तीन अकादम्यांचं रवींद्र भवन आणि पलीकडे नाट्य विद्यालय. पुण्यात भरत नाट्य मंदिराच्या आसपास किंवा मुंबईत शिवाजी मंदिराच्या दाराशी नाटकवाल्यांचा जो राबता असतो, तो दिल्लीत इथे.

फरक आहे तो पैशाचा. मराठीत व्यावसायिक रंगभूमी आहे. नाटक चाललं तर नटाला नाइट मिळते, दौरे होतात, शंभरावा प्रयोग होतो. दिल्लीच्या हिंदी नाटकाला हे कधी फारसं लाभलं नाही. इथे गट असतो. पंधरा-वीस मुलं, त्यातली काही विद्यापीठात शिकणारी, काही दिवसा दुसरीकडे नोकरी करणारी. राहायला यमुनेपलीकडे लक्ष्मीनगर, शकरपूर किंवा आणखी पुढे, जिथे भाडं परवडेल तिथे. संध्याकाळी सगळे चौकात जमणार, हिरवळीवर किंवा उसन्या मिळालेल्या खोलीत तालीम, शेवटची बस सुटायच्या आत पांगणार. दोन-तीन महिने तालीम आणि प्रयोग एक किंवा दोन. नाट्यगृहाचं भाडं, दिव्यांचं भाडं, पत्रकं. एवढ्यात पैसे संपतात. वादकांना द्यायला काही उरत नाही.

दिल्लीच्या नाट्यसंगीताचं व्याकरण या रिकाम्या खिशातून तयार झालं आहे. वादक परवडत नाहीत म्हणून गटातलाच एखादा नट पेटीवर बसतो. ज्यांचा त्या प्रवेशात काही भाग नाही, ते सगळे कोरसमध्ये. तालमीत हे जवळून पाहण्यासारखं असतं. पेटीवाला एका हाताने भाता हलवत संवादांखाली सा धरून ठेवतो. दिग्दर्शकाने बोट उचललं की कोरस तिथून ओळ उचलतो. ढोलकवाला ट्रॅफिकमध्ये अडकला असेल तर कुणीतरी बाकावर थाप धरतो. आपला संवाद आला की पेटीवरचा नट उठून मध्ये जातो, बोलतो आणि परत येऊन पेटीवर बसतो. त्यात कुणाला काही वावगं वाटत नाही.

अशा कोरससाठी चाल बांधायची तर काही पथ्यं पाळावी लागतात. गाणारे गवई नसतात, म्हणून चाल सहा-सात सुरांच्या बाहेर गेली की पडते. माइक नसतो, म्हणून शब्द असे हवेत की शेवटच्या रांगेपर्यंत व्यंजनं फुटलेली ऐकू यावीत. मऊ, पाझरणारे शब्द तिसऱ्या रांगेतच विरतात. नेपथ्य हलवायला पडदा पाडण्याची सोय नसते, तो वेळ गाण्याने भरून काढायचा असतो. म्हणून गाण्यात चालण्याची लय हवी आणि ध्रुपद पुन्हापुन्हा येणारं हवं. मिश्रा यांची कोणतीही गाजलेली चाल घ्या, ही पथ्यं तिच्यात सापडतात. पुढे लाखोंचं ध्वनिमुद्रण यंत्र हाताशी आलं तरी चाल बांधताना डोळ्यांपुढे उभा होता तो हा बिनपैशाचा कोरस.

हबीब तन्वीर यांचा रस्ताही इथूनच गेला होता. 'आग्रा बाजार' हे त्यांचं नाटक 1954 साली दिल्लीतच, ओखल्याच्या जामिया मिलियाच्या परिसरात उभं राहिलं. लिहिणारा, गाणारा, भूमिका करणारा आणि गट चालवणारा माणूस एकच असू शकतो, हे दिल्लीने तेव्हाच पाहिलं होतं.

भगतसिंगाचं नाटक

या चौकाजवळच्या एका रस्त्याला सफदर हाश्मी यांचं नाव आहे. 1 जानेवारी 1989 रोजी दिल्लीला लागून असलेल्या साहिबाबादच्या झंडापूर गावात जन नाट्य मंचाचं 'हल्ला बोल' हे पथनाट्य चालू असताना त्यांच्यावर हल्ला झाला आणि दुसऱ्या दिवशी ते गेले. दिल्लीच्या तरुण नाटकवाल्यांवर या घटनेचा खोल परिणाम झाला. त्यानंतरच्या काही वर्षांत शहरात जे गट जोमाने उभे राहिले, त्यांच्या नाटकांत राजकारण आणि समूहगान हातात हात घालून आलं.

त्यातलाच एक गट म्हणजे एन. के. शर्मा यांचा 'अ‍ॅक्ट वन'. मिश्रा त्यात आले तेव्हा मनोज बाजपेयी, आशिष विद्यार्थी आणि गजराज राव हेही तिथे होते. आज ही नावं एका दमात घेतली की चित्रपटाच्या श्रेयनामावलीसारखी वाटतात, पण तेव्हा ती चौकात चहाची उधारी असणारी मुलं होती. मिश्रा यांनी गटासाठी लिहायला, चाली बांधायला आणि काम करायला सुरुवात केली. त्यातून 1994 साली 'गगन दमामा बाज्यो' आलं. भगतसिंगावरचं नाटक. हुतात्म्याचा पुतळा उभा करण्यापेक्षा हसणारा, वाचणारा, मित्रांशी भांडणारा तेवीस वर्षांचा पोरगा त्यात दिसतो. कबीराच्या पदातून घेतलेलं शीर्षक, मधूनमधून येणारी समूहगीतं आणि मुद्दाम खरखरीत ठेवलेले संवाद यांमुळे दिल्लीत त्याचा बोलबाला झाला. 'जब शहर हमारा सोता है' हे 'वेस्ट साइड स्टोरी'वर बेतलेलं दुसरं नाटक. दोन टोळ्या, एक प्रेमकथा आणि झोपलेलं शहर. अरविंद गौर यांच्या 'अस्मिता' या गटाबरोबर मिश्रा यांनी एकपात्री प्रयोगही केले. गट सोडून एकटा नट रंगमंचावर तासभर लोकांना धरून ठेवू शकतो का, याची ती परीक्षा होती आणि ते तीत उत्तम उतरले.

दरम्यान दिल्लीहून मुंबईला जाणाऱ्यांची रांग लागली होती. शेखर कपूर यांच्या 'बँडिट क्वीन'साठी तिग्मांशू धुलिया यांनी दिल्लीच्या रंगभूमीवरून नट उचलले: बाजपेयी, सौरभ शुक्ला, निर्मल पांडे, गजराज राव. चार वर्षांनी 'सत्या' आला. भिकू म्हात्रे हा अस्सल मुंबईकर मराठी गुंड ज्याने उभा केला, तो नट, बाजपेयी, बिहारमधून येऊन मंडी हाउसच्या चौकात तयार झालेला होता. मिश्रा मात्र दिल्लीतच होते. श्याम बेनेगल यांच्या 'भारत एक खोज'मध्ये काही भूमिका, मणिरत्नम यांच्या 'दिल से'मध्ये तपास अधिकारी, एवढीच कॅमेऱ्याशी ओळख. उशीर झाला, हे उघड आहे. पण त्या उशिराच्या वर्षांतच पुढे पुरेल एवढा शब्दांचा आणि चालींचा साठा झाला. मुंबईला लवकर गेलेल्या त्यांच्या मित्रांपैकी नट मोठे झाले. संगीतकार त्यांच्यातून निघाला नाही.

आधी शब्द, मग चेहरा

मुंबईने त्यांना आधी लेखक म्हणून बोलावलं. भगतसिंगाच्या नाटकाची कीर्ती राजकुमार संतोषी यांच्यापर्यंत गेली आणि 2002 सालच्या 'द लेजंड ऑफ भगतसिंग'च्या संवादलेखनात मिश्रा आले. मग विशाल भारद्वाज यांच्या 'मक्बूल'मध्ये काकाची भूमिका. शेक्सपिअरच्या 'मॅकबेथ'मधला बँको इथे मुंबईच्या टोळीतला साधा, विश्वासू, पोरावर जीव टाकणारा माणूस होतो. पंकज कपूर, इरफान, तब्बू, नसीरुद्दीन शाह, ओम पुरी अशी मातब्बर मंडळी समोर असताना मिश्रा यांनी आवाज न चढवता ही भूमिका केली. जो नट पुढे चढ्या, तिरक्या बोलण्यासाठी ओळखला गेला, त्याने पहिल्या मोठ्या भूमिकेत अशी नजाकत दाखवली होती. हे मुद्दाम सांगायला हवं, कारण नंतरच्या दिग्दर्शकांनी त्यांच्याकडून ते फारसं मागितलं नाही.

गाण्यांचा धागा अनुराग कश्यपकडून आला. कश्यप दिल्लीच्या हंसराज महाविद्यालयात शिकले आणि जन नाट्य मंचाबरोबर पथनाट्यं करत हिंडले. मिश्रा यांच्या नाटकांची भाषा त्यांच्या ओळखीची होती. मुंबईच्या बॉम्बस्फोटांवरच्या 'ब्लॅक फ्रायडे'साठी संगीत 'इंडियन ओशन'ने केलं, गीतं मिश्रा यांनी लिहिली. हा बँडही दिल्लीचाच. करोलबागेत खजूर रोडवरच्या जुन्या घरात त्यांची वर्षानुवर्षं तालीम चाले आणि त्या घराच्या पत्त्यालाच त्यांनी पुढे एका अल्बमचं नाव दिलं. चित्रपट न्यायालयीन स्थगितीत अडकला आणि भारतात 2007 साली लागला. मुंबईवरच्या त्या चित्रपटाचा सांगीतिक आत्मा मात्र पूर्णपणे दिल्लीचा होता.

त्याच वर्षी मिश्रा यांनी लिहिलेल्या 'आजा नचले'च्या शीर्षकगीतावरून वादळ उठलं. गीतातल्या एका ओळीने चर्मकार समाजाचा अपमान होतो, असा आक्षेप आला. उत्तर प्रदेशाने चित्रपटावर बंदी घातली, पंजाब आणि हरयाणानेही तेच केलं. म्हणजे नोएडात आणि गुडगावात चित्रपट बंद, मधल्या दिल्लीत चालू. राजधानी परिसराचं हे विचित्र भूगोल-गणित त्या दिवसांत पुन्हा दिसलं. निर्मात्यांनी माफी मागितली, ओळ काढून टाकली, बंदी उठली. आक्षेप रास्त होता. बोलीतली म्हण रंगमंचावर पात्राच्या तोंडी येते तेव्हा तिला पात्राचा आधार असतो. लग्नाच्या वरातीत वाजणाऱ्या गाण्यात तो राहत नाही. लोकभाषेवर पोसलेल्या लेखकाने हे ध्यानात घ्यायला हवं होतं.

'गुलाल'मधला वेडा भाऊ

'गुलाल' मार्च 2009 मध्ये लागला. राजस्थानातलं एक शहर, विद्यापीठाच्या निवडणुका, आणि गेलेली संस्थानं परत आणण्याची स्वप्नं विकणारा दुकी बना. के. के. मेनन यांनी केलेल्या या दुकीचा भाऊ पृथ्वी बना म्हणजे मिश्रा. घरातले लोक त्याला खुळा समजतात. त्यामुळे त्याला काहीही बोलायची मुभा आहे आणि तो बहुतेक वेळा गातो. जुन्या संस्कृत नाटकात हे काम विदूषकाचं असे, आपल्या तमाशात सोंगाड्याचं.

संगीतकार आणि नट एकच असल्याचा फायदा इथे लख्ख दिसतो. पृथ्वीची गाणी त्याच्या बोलण्यातूनच सुरू होतात. बोलणं कुठे संपलं आणि चाल कुठे लागली, याचा सांधा सापडत नाही, कारण ज्याच्या घशातून संवाद निघतो त्याच घशासाठी चाल बांधलेली आहे. 'दुनिया' या गाण्यात साहिर लुधियानवी यांच्या 'प्यासा'मधल्या नज्मेची आठवण जागवून मिश्रा तिला आजच्या राजकारणासमोर उभी करतात. चित्रपटच साहिर आणि त्या पिढीच्या कवींच्या स्वप्नांना अर्पण केलेला आहे. 'राणाजी'मध्ये कोठीवरच्या मुजऱ्याची चाल घेऊन शब्दांत थेट अमेरिकेने केलेल्या युद्धांची थट्टा भरली आहे. रेखा भारद्वाज यांच्या नखरेल आवाजात ती थट्टा आणखी झोंबते.

'शहर' या गाण्याने 'जब शहर हमारा सोता है' या नाटकाचं शीर्षकच पडद्यावर आणलं. तिथे मिश्रा यांच्या बरोबरीने आवाज आहे स्वानंद किरकिरे यांचा. इंदूरचा हा मराठी माणूस राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचाच विद्यार्थी. भगतसिंगावर एक नाटक त्यानेही विद्यालयाच्या रंगमंडळासाठी केलं होतं. 'लगे रहो मुन्नाभाई' आणि 'थ्री इडियट्स'च्या गीतांसाठी राष्ट्रीय पुरस्कार, आणि पुढे 'चुंबक' या मराठी चित्रपटातल्या भूमिकेसाठी सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार. गीतकार, गायक आणि नट या तिन्ही दगडांवर पाय ठेवूनही न पडलेला हा दुसरा माणूस. 'गँग्ज ऑफ वासेपूर'चं संगीत करणाऱ्या स्नेहा खानवलकरही इंदूरच्याच. होळकरांच्या आणि शिंद्यांच्या गावांनी हिंदी चित्रपटाला अशी माणसं पुरवावीत, हे मराठी वाचकाला सुखावणारं आहे. त्याहून जास्त अर्थ त्यात शोधू नये.

'आरंभ' या गाण्याचं नशीब निराळं. वीररसाने ठासलेले संस्कृतप्रचुर शब्द, नगाऱ्याचा ठेका आणि मिश्रा यांचा फाटायच्या बेतातला आवाज. चित्रपटात हे गाणं तरुणांची माथी भडकवून त्यांचा बळी देणाऱ्या गोष्टीचा भाग आहे. बाहेर आल्यावर त्याचा संदर्भ गळून पडला. आज ते व्यायामशाळेत, स्पर्धा परीक्षांच्या शिकवणीत आणि मोबाइलवरच्या स्फूर्तिदायक चित्रफितींत वाजतं. उपरोधाने लिहिलेली रणभेरी लोकांनी खरी मानून उचलली. कवीचं यात अपयश आहे असं म्हणता येईल, आणि संगीतकाराचं यशही. चालीत जोर इतका आहे की उपरोध मागे पडला.

आवाज, जसा आहे तसा

पु. लं.नी 'गुळाचा गणपती'तली 'इंद्रायणी काठी' भीमसेन जोशींना दिली. चाल बांधणाऱ्याने ती आपल्याहून समर्थ गळ्याच्या हवाली करायची, ही आपल्याकडची रीत. मिश्रा यांनी स्वतःसाठी बांधलेल्या चाली दुसऱ्याच्या गळ्यात नीट बसत नाहीत. त्यांचा आवाज गोड नाही, वरच्या पट्टीत तो चिरतो, श्वास ऐकू येतो. पण शब्दाचं पहिलं अक्षर ते असं दाबून उच्चारतात की ऐकणाऱ्याला शब्द चुकवता येत नाही. शब्दोच्चाराचं हे वजन नटाचं आहे, गवयाचं नाही.

'हुस्ना' हा त्याचा उत्तम नमुना. 2012 मध्ये 'कोक स्टुडिओ'च्या दुसऱ्या पर्वात, हितेश सोनिक यांच्या संयोजनात ते सादर झालं. फाळणीने ताटातूट झालेल्या प्रेयसीला सरहद्दीपलीकडे लिहिलेलं पत्र, असा त्याचा घाट. पत्र लिहिणाऱ्याला राजकारणातलं काही विचारायचं नाही. तिकडची झाडं, ऋतू, सण इकडच्यासारखेच आहेत का, एवढंच विचारायचं आहे. दिल्लीत याला वेगळी धार येते. लाजपतनगर, राजेंद्रनगर या वस्त्या निर्वासितांनी वसवल्या आणि लाहोर, मुलतान हे शब्द इथल्या कित्येक घरांत अजून आजोळासारखे उच्चारले जातात. गाणं सात मिनिटांहून लांब आहे, त्यात नाचण्याजोगं काही नाही, तरी तरुण मुलांना ते तोंडपाठ असतं. त्याच वर्षी 'गँग्ज ऑफ वासेपूर'मध्ये त्यांचं स्वतःच्या चालीतलं 'इक बगल' आलं, आणि चित्रपटभर गोष्ट सांगणारा नासिरचा आवाजही त्यांचाच होता.

दिल्लीवाले पडद्यावर

या सगळ्या काळात मागणी वाढत गेली ती नटाची. 'झूम बराबर झूम' आणि 'तेरे बिन लादेन'मध्ये विनोद, 'हॅपी भाग जाएगी'मध्ये उर्दूच्या प्रेमात बुडालेला पाकिस्तानी पोलीस अधिकारी, 'तमाशा'मध्ये पैसे घेऊन गोष्टी सांगणारा आणि त्यांची बेमालूम सरमिसळ करणारा म्हातारा. पण सगळ्यांत खरे उतरले ते दिल्लीचे लोक. 'रॉकस्टार'मधला ढिंग्रा मालिश करून घेता घेता कलावंताचं भवितव्य ठरवतो. पैसा, रग आणि एक प्रकारची दिलदारी यांचं ते मिश्रण दक्षिण दिल्लीच्या कोठ्यांमधून नेमकं टिपलेलं आहे.

'पिंक' 2016 मध्ये आला. सूरजकुंडच्या रिसॉर्टमध्ये घडलेला प्रसंग, दक्षिण दिल्लीत भाड्याने राहणाऱ्या तीन मुली आणि त्यांच्यावरच उलटवलेला खटला. अमिताभ बच्चन यांच्यासमोर सरकारी वकील प्रशांत मेहरा म्हणून मिश्रा उभे राहतात. ही भूमिका कानाने ऐकावी अशी आहे. मेहरा प्रश्न विचारताना वाक्याचा शेवट वर नेतो, मधल्याच शब्दावर थबकतो, मग उरलेले शब्द एका झटक्यात फेकतो. समोरच्या बच्चन यांची लय संथ, खर्जातली, थांबे लांब. दोन वकिलांच्या वादाला त्यामुळे जुगलबंदीचं रूप येतं, आणि मिश्रा यांची लय जितकी टोचते तितकी प्रेक्षकाची सहानुभूती पलीकडे जाते. दुय्यम भूमिकेचं काम हेच असतं. 2020 सालच्या 'इल्लीगल' या मालिकेत ते दिल्लीच्या बड्या वकिलाच्या खुर्चीत पुन्हा दिसले, या वेळी अधिक थंड डोक्याने.

बल्लीमारान

चाँदनी चौकातून आत वळलं की चष्म्यांच्या आणि जोड्यांच्या दुकानांनी भरलेली बल्लीमारान लागते. तिथल्या गली कासिम जानमध्ये मिर्झा गालिब यांचं अखेरचं घर आहे. मिश्रा यांनी आपल्या बँडला या गल्लीचं नाव दिलं. राहायला मुंबईत, जन्म ग्वाल्हेरचा, पण बँडसाठी नाव निवडलं जुन्या दिल्लीतलं.

कार्यक्रम अर्धा गाण्याचा, अर्धा नाटकाचा असतो. गिटार आणि ड्रम मागे असले तरी मधोमध पेटी असते. एखादं गाणं सुरू होण्याआधी लांबलचक निवेदन, कधी एखादी कविता, कधी कोपरखळी, आणि मग चाल. दिल्लीच्या ध्यानचंद स्टेडियमवरच्या 'साहित्य आज तक'सारख्या मेळ्यात किंवा राजधानी परिसरातल्या महाविद्यालयांच्या संमेलनांत समोर बसलेली मुलं विशी-बाविशीची असतात; त्यांच्या जन्माआधी लिहिलेली नाटकातली गाणी ती संपूर्ण म्हणतात. स्वतःच्या व्यसनाबद्दल आणि त्यातून बाहेर पडण्याबद्दल मिश्रा जाहीरपणे बोलत आले आहेत. 2023 मध्ये राजकमल प्रकाशनाने काढलेल्या 'तुम्हारी औक़ात क्या है पीयूष मिश्रा' या आत्मचरित्रात्मक कादंबरीत तो सगळा काळ आला आहे. शीर्षकातला प्रश्न त्यांनी स्वतःलाच विचारला आहे, आणि पुस्तक स्वतःला फारसं सोडत नाही.

संगीतकार म्हणून त्यांच्या नावावरचं काम आकाराने लहान आहे. हिंदी चित्रपटाने त्यांच्यातला नट मुबलक वापरला, गीतकार अधूनमधून, आणि संगीतकार क्वचित. चारही अंगांचा एकत्र, पूर्ण उपयोग 'गुलाल'ने केला. तेवढ्या ताकदीचा दुसरा चित्रपट त्यानंतर झाला नाही, आणि याचा दोष मिश्रा यांच्यापेक्षा चित्रपट काढणाऱ्यांकडे जास्त जातो. ज्यांनी त्यांना फक्त पडद्यावर पाहिलं आहे, त्यांनी 'ब्लॅक फ्रायडे', मग 'गुलाल', मग 'हुस्ना' या क्रमाने ऐकावं, आणि 'गगन दमामा बाज्यो'ची संहिता मिळवून वाचावी. हौशी मराठी नाट्यसंस्थांनी तर ती जरूर पाहावी. तिच्यासाठी पंधरा-वीस पोरं, एक पेटी आणि एक ढोलक एवढंच भांडवल लागतं.